सोडलेला टाकळा

आमच्या लालबागच्या खोलीत भात कुणीही लावायचं, आमटीला फोडणीही कुणी दिली तरी चालायचं, पण संध्याकाळची पालेभाजी माझी होती. आई गेली तेव्हा मी बारा वर्षांची होते. आई गिरणीत सूत गुंडाळायच्या वायंडिंग खात्यात होती. ती गेल्यावर तिची घरातली कामं आम्ही तिघांनी वाटून घेतली, म्हणजे बाबांनी आणि दादानं थोडी घेतली आणि उरलेली सगळी माझ्या अंगावर आली. माझी शाळा बंद झाली. खरं सांगायचं तर मला त्याचं फारसं वाईट वाटलं नाही, कारण शाळेच्या बदल्यात मला शेगडी मिळाली होती आणि शेगडीपाशी माझ्यावर हुकूम चालवणारं कुणी नव्हतं.

बाबा साचेवाले, म्हणजे मागावरचे. सगळा जन्म त्या खडखडाटात गेल्यामुळे त्यांना कमी ऐकू यायचं आणि म्हणून ते बोलायचेही मोठ्यानं. घरात त्यांनी मीठ मागितलं तर तिसऱ्या खोलीतली बाई मीठ घेऊन यायची. त्यामुळे जेवताना ते बोलतच नसत. खात्यात कुणाचं कुणाला ऐकू जात नाही, तिथं माणसं हातांनी बोलतात. तीच हातांची भाषा त्यांनी घरी आणली होती. अंगठा ओठाला लावला की पाणी. तळहात पालथा केला की पुरे. आणि ताटाच्या कडेवर दोन बोटं टेकवली की आणखी वाढ. आईला हे सगळं यायचं. तिच्यामागे ते मला यायचं. दादाला अर्धवट यायचं, पण दादाला सगळंच अर्धवट यायचं.

कापसाची तूस दिवसभर नाकातोंडात जाते आणि पोटात गेलेली तूस पाल्यानं साफ होते, अशी बाबांची ठाम समजूत होती. म्हणून रात्रीच्या जेवणात पालेभाजी हवीच. माठ, चवळई, मेथी, मुळ्याचा पाला, काय मिळेल ते. मी दुपारी निवडायची, संध्याकाळी चिरायची, बाबा गिरणीतून येऊन मोरीवर हातपाय धुवायला लागले की कढईत टाकायची. ते जेवायला बसले की मी समोर बसून त्यांच्या डाव्या हाताकडे बघत राहायची. दोन बोटं रोज एकदा तरी टेकायची. ती टेकली की माझं पोट भरायचं, मग मी काय जेवले आणि किती जेवले याला अर्थ नसे.

अशी दोन वर्षं गेली आणि दादाचं लग्न झालं.

वहिनी मालवणकडची. अठरा वर्षांची. बोटीनं भाऊच्या धक्क्यावर उतरली ती एक ट्रंक आणि एक बोचकं घेऊन, आणि बोचक्यात काय, तर लाल मातीत घोळलेल्या फणसाच्या आठळ्या. मुंबईला येताना माणसं काय काय आणतात, हिनं फणसाच्या बिया आणल्या म्हणून मी शेजारच्या पोरींना हसून सांगितलं. ती मला 'वन्स' म्हणायची, मला, चौदा वर्षांच्या पोरीला, आणि 'तुमी' म्हणायची. त्याचाही मला राग यायचा. मला ती पहिल्या दिवसापासून आवडली नाही. कारण काही नव्हतं, पण माणूस मनातून उतरला की कारणं शोधायला वेळ लागत नाही.

नव्याचे नऊ दिवस म्हणतात, तसे मी नऊ दिवस मोजले. नऊ दिवस तिला कुणी शेगडीला हात लावू दिला नाही. दहाव्या दिवशी ती म्हणाली, "वन्स, आज भाजी मी करतंय." माझ्या हातातली माठाची जुडी तिनं इतक्या सहज घेतली की मला नाही म्हणायला सवडच मिळाली नाही.

मी बाजूला बसून तिच्या चुका शोधत होते. आमच्याकडे भाजीवर झाकण ठेवायची रीत, झाकणात पाणी घालून. आई तसंच करायची, म्हणून मीही तसंच करायची. हिनं झाकणच ठेवलं नाही. तेल तापवलं, ठेचलेल्या लसणीच्या पाकळ्या लाल होऊ दिल्या, मिरची टाकली, मग पाला. कढईत डोंगर झाला. मी मनात म्हटलं, आता ही त्या डोंगराच्या मापानं मीठ घालणार आणि भाजी खारट होणार. नवी पोर तिथंच चुकते. मीही चुकले होते पहिल्या वेळी. पण ती थांबली. पाला बसून मूठभर झाला तेव्हा तिनं बोटांच्या चिमटीनं मीठ घातलं आणि वरून खोबरं पेरलं. झाकण नसल्यामुळे भाजी हिरवीगार राहिली. आमच्या घरात भाजीचा रंग नेहमी काळपट असायचा आणि भाजीचा रंग तोच असतो असं मला वाटायचं.

बाबांनी दोन बोटं टेकवली. वहिनीला ती खूण कळली नाही, तिनं माझ्याकडे बघितलं. मी मुद्दाम छताकडे बघितलं. मग बाबांनी बोटांनी भाजीकडे दाखवलं, तिनं वाढली. थोड्या वेळानं परत दोन बोटं. ही दुसरी वेळ. या वेळी तिला कळलं.

मी ती भाजी चाखली. चांगली होती. हेच तर माझं दुखणं होतं. वाईट असती तर मी तिच्यावर मायासुद्धा केली असती.

आठ दिवसांत तिला बाबांच्या सगळ्या खुणा आल्या. मला शिकायला आईच्या शेजारी बसून वर्षं लागली होती. मी एकदा लसूण लपवून ठेवली. तिनं बिनलसणीची भाजी केली, वर जरा गूळ घातला, बाबांनी तीही मागून घेतली. मी लपवलेली लसूण मलाच नंतर कुजट वासावरून सापडली. हळूहळू माझ्याकडे निवडणं उरलं आणि भाजी तिची झाली. बाबा आता जेवताना तिच्याकडे बघून बोटं टेकवायचे. मी समोर बसलेली असायची, पण समोर बसून काय उपयोग.

ते दिवस संयुक्त महाराष्ट्राचे होते. चाळीच्या भिंतींवर चुन्यानं आणि कोळशानं घोषणा लिहिलेल्या, दादा रोज सभेला, बायकासुद्धा मोर्च्याला निघायच्या. खालच्या मजल्यावरच्या बायकांनी वहिनीला बोलावलं आणि ती गेली. डोईवर पदर घेऊन, मालवणी हेल काढून घोषणा देत गेली आणि घसा बसवून परत आली. दादा दारात उभा राहून सगळ्यांना सांगत होता, आमची ही गेली होती. मला जाऊ दिलं नाही. लहान आहेस, गॅलरीतून बघ, म्हणाले. तीन महिन्यांपूर्वी बोटीतून उतरलेली बाई मुंबई मागायला रस्त्यावर आणि मुंबईत जन्मलेली मी गॅलरीत. मुंबई कुणाला मिळेल ते मिळो, माझी शेगडी गेली होती हे मला दिसत होतं.

इथं टाकळ्याचं सांगायला हवं.

टाकळा ही आईची भाजी. पावसाळ्यात मोकळ्या जागी आपोआप उगवते, कुणी पेरत नाही, फुकटची. गावाकडच्या माणसांना ती दिसते, मुंबईकरांना दिसत नाही. आई सुट्टीच्या दिवशी मला घेऊन वडाळ्याला जायची. तिथं रेल्वेच्या यार्डापलीकडे मिठागराच्या बाजूला मोकळी जमीन होती आणि तिथं टाकळा गुडघ्याएवढा माजायचा. आई कोवळे शेंडे खुडून पिशवी भरायची. तिला तो इतका आवडायचा की खुडतानाच ती खूश असायची. घरी आल्यावर ती गाणं म्हणत नसे की काही नसे, पण त्या दिवशी कुणावर ओरडायची नाही.

आई गेल्यानंतरच्या पहिल्या पावसाळ्यात एका शेजारणीनं मला टाकळ्याची जुडी दिली. मी आनंदानं केली. बाबांच्या ताटात वाढली. त्यांनी ताटाकडे बघितलं, हात धुतला आणि उठले. मला वाटलं, भाजीत काही पडलं. मग ते जवळ आले आणि त्यांच्या मानानं अगदी हळू बोलले. "ह्यो तिच्यावांगडा गेलो. परत करू नको." तिच्याबरोबर गेला तो. आमच्याकडे तशी रीत आहे. माणूस गेलं की त्याच्या आवडीची वस्तू कुणीतरी सोडतं, आणि सोडल्याचं चारचौघांत सांगत नाही. सांगितलं की तो दिखावा होतो. दादा त्या दिवशी दुसऱ्या पाळीला होता. त्यामुळे बाबांनी टाकळा सोडला हे जगात दोघांनाच माहीत होतं, त्यांना आणि मला. मी कढई उचलून भाजी कचऱ्यात टाकली. मला रडू आलं होतं, पण त्याच वेळी हेही वाटलं की ही गोष्ट बाबांनी फक्त मला सांगितली.

आता हरताळाचा दिवस. गिरण्या बंद, दुकानं बंद, भाजीबाजारात चिटपाखरू नाही. बाबा आणि दादा घरीच. दुपारी वहिनी हात गुडघ्यांवर ठेवून रिकाम्या टोपलीसमोर बसली.

"वन्स, आज भाजी काय करूची? गावाक असतंय तर घराच्या मागे टाकळो गावलो असतो. हंय खंयचो?"

मी काही ठरवलं नव्हतं. ती टाकळो म्हणाली आणि माझ्या डोक्यात सगळं एकदम तयार झालं. पुष्कळ वर्षं मी स्वतःला सांगत आले की मी पोरवयात सहज बोलून गेले. ते खोटं आहे.

"मिळतो ना," मी म्हटलं. "मला जागा माहीत आहे. वडाळ्याला."

तिचा चेहरा फुलला. "मामंजींका आवडता?"

"खूप आवडतो."

यात एक अक्षर खोटं नव्हतं. बाबांना टाकळा आवडायचाच, म्हणून तर सोडण्याला अर्थ होता.

आम्ही दोघी चालत निघालो. काळाचौकी, मग शिवडी, तिथून रुळांच्या कडेकडेनं. रस्ते मोकळे होते, नाक्यानाक्यावर पोलीस उभे होते, पण पिशवी घेतलेल्या दोन बायकांना कोण अडवतं. ती सारखी विचारत होती, अजून किती लांब. मी पुढं चालत होते. मनात मी रात्रीचं जेवण दहादा बघून घेतलं. बाबा ताट बघतील, हात धुतील, उठतील. ती घाबरून विचारेल काय झालं. बाबा बोलणार नाहीत, दादाला काही माहीत नाही, मग सगळे माझ्याकडे बघतील आणि मी सांगेन. सांगताना मी तिच्याबद्दल वाईट वाटल्यासारखं दाखवीन असंही मी ठरवलं. त्यानंतर भाजी परत माझ्याकडे येईल, कारण या घरात काय चालतं आणि काय चालत नाही हे मलाच ठाऊक, हे सगळ्यांना कळलेलं असेल.

जागा तशीच होती. टाकळा माजला होता. वहिनी ते बघून चक्क हसली आणि पदर खोचून आत शिरली. मी आईबरोबर तिथं बसून खुडलेलं होतं, पण तिचे हात माझ्या दुप्पट चालत होते. दोन बोटांनी शेंडा मोडायचा, वरची चार पानं घ्यायची, जून पान सोडून द्यायचं. अगदी आईसारखं. मी ते बघायचं नाही म्हणून पाठ करून खुडत राहिले.

"उन्हा कलायच्या आदी जाऊक व्हया," ती म्हणाली, "सांज झाली की पाना मिटतत." हेही खरं होतं. संध्याकाळी टाकळ्याची पानं जोडीजोडीनं मिटतात. आई म्हणायची, तो झोपला, आता त्याला खुडू नये. मी वहिनीला हे सांगितलं नाही. आईचं तिला काहीच द्यायचं नाही असं माझं चाललं होतं, आणि आईची जागाच मी तिला दाखवून बसले होते.

घरी येऊन तिनं पाला तीन पाण्यांतून धुतला. विळीवर बारीक चिरला. मग ट्रंकेमागून तिचं ते बोचकं काढलं, आठळ्या धुऊन उकडल्या, सोलून चार तुकडे केले. कांदा, लसूण, सुकी मिरची, मग पाला, मग आठळ्या. टाकळ्याला उग्र वास असतो, तो सगळ्या खोलीत भरला. दोन वर्षांत तो वास आमच्या घरात नव्हता. गॅलरीत बसलेल्या बाबांपर्यंत तो गेला असणार. ते आत आले नाहीत.

मी ताटं मांडली. ते काम मी आपणहून घेतलं.

बाबा पाटावर बसले. वहिनीनं भात वाढला, आमटी वाढली, मग मोठ्या कौतुकानं भाजी वाढली. बाबांनी ताटाकडे बघितलं. त्यांचा उजवा हात भातावर होता तो तिथंच राहिला. मी भिंतीला टेकून बसले होते. मग त्यांनी मान वर केली. तिच्याकडे नाही, माझ्याकडे बघितलं. माझ्या तोंडावर काय होतं कुणास ठाऊक, पण त्यांना ते वाचता आलं. आयुष्यभर माणसांच्या तोंडाकडे बघून बोलणं ओळखलेला माणूस तो.

वहिनी पळी हातात घेऊन उभी होती. सासरे थांबलेले बघून ती त्यांना ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं म्हणाली, "वन्सनी जागा दाखयल्यांनी. तुमका आवडता म्हणान सांगल्यांनी."

बाबांनी घास केला. टाकळ्याचा. तोंडात घातला आणि बराच वेळ चावत राहिले. दादा म्हणाला, मस्त झालीय, आठळ्या कुठून आल्या. दादाला ताटात काय आहे हे कळायचं, काय दोन वर्षं नव्हतं हे कधी कळलं नाही. बाबांनी दुसरा घास केला. तिसरा केला. ताटातली भाजी संपली. आणि मग त्यांनी डाव्या हाताची दोन बोटं ताटाच्या कडेवर टेकवली.

मी तिथून उठले आणि मोरीत जाऊन उगाच भांडी खळखळत राहिले. माझ्या टाकळ्याच्या वेळी ते हात धुऊन उठले होते. मीही प्रेमानंच केला होता. मलाही माहीत नव्हतं. मग माझ्या वेळी नेम आणि तिच्या वेळी दुसऱ्यांदा वाढ? बायकोसाठी सोडलेली वस्तू त्यांनी सुनेचं तोंड उतरू नये म्हणून खाल्ली, आणि पोटच्या पोरीसाठी तेवढं केलं नव्हतं. मी त्या वेळी मनात जे जे बोलले ते लिहिण्यासारखं नाही. बाबांनाही बोलले.

जेवणं झाल्यावर बाबांनी मला गॅलरीत बोलावलं. गॅलरीत इतर बिऱ्हाडांची माणसं हरताळाच्या गप्पा मारत बसली होती. बाबांना हळू बोलता येत नव्हतं, म्हणून ते हातांनी बोलले. आधी आत शेगडीकडे बोट दाखवलं, मग माझ्याकडे, मग बोट कपाळाला लावलं. तुला ठाऊक होतं? मी खोटं बोलू शकले असते. मान हलवली, होतं म्हणून.

मला वाटलं आता मारतील. त्यांनी माझा हात धरला. स्वतःची मूठ माझ्या तळहातावर उघडली, जणू काही ठेवलं, आणि माझी बोटं एकेक करून मिटवली. ही खात्यातली खूण मी ओळखली. पाळी सुटताना चालू माग पुढच्या माणसाच्या ताब्यात देतात तेव्हा करायची ती. माझं संपलं, आता तू सांभाळ. त्यांनी आतल्या कढईकडे परत एकदा दाखवलं आणि पालथा तळहात केला. तुला आता पुरे. मी सोडला होता, तो आता तू सोड.

ती शिक्षा होती, हे मला त्या वेळी कळलं. सकाळी वहिनीनं उरलेली भाजी भाकरीबरोबर माझ्यापुढं ठेवली, ती मी बाजूला सारली. त्यानंतर मी टाकळा खाल्ला नाही. पण चारआठ दिवसांत त्या शिक्षेचा मला गर्व वाटू लागला. भाजी तिची, शेगडी तिची, दोन बोटं तिची. असू देत. आईच्या नावानं धरलेली गोष्ट बाबांनी तिच्या हातात दिली नव्हती, माझ्या हातात दिली होती, आणि तिला त्याचा पत्ता नव्हता. मी आता ताटावर बसून तिच्याकडे बघायची ती जरा वरूनच.

त्याच वर्षी मला परत शाळेत घातलं. वहिनीच बाबांच्या मागे लागली होती म्हणे, घरातलं मी बघतंय, वन्सना शिकू दे. याचाही मला रागच आला. पुढं माझं लग्न झालं, मी दादरला गेले. राज्य झालं, मुंबई मिळाली, बाबा गेले. पावसाळ्यात माहेरी गेले की वहिनीच्या हातचा टाकळा असायचाच. सगळ्यांच्या ताटात टाकळा आणि माझ्या ताटात माठ नाहीतर चवळई. तिनं मला कधी विचारलं नाही, तुम्ही का खात नाही. पोटाला चालत नाही, हे उत्तर मी तयार ठेवलं होतं, ते कधी द्यावंच लागलं नाही. मला वाटायचं, तिच्या लक्षातच येत नाही. भाबडी आहे.

एवढी वर्षं मी गप्प बसले ती चांगुलपणानं नाही. तिला सांगितलं असतं तर तिला कळलं असतं की बाबांनी तिच्यासाठी काय मोडलं. तेवढं मला तिला द्यायचं नव्हतं.

मग आम्ही दोघी म्हाताऱ्या झालो. दादाही गेला. चाळ पाडून तिथं उंच इमारत झाली आणि वहिनी नवव्या मजल्यावर राहायला लागली. टाकळा आता बाजारात विकत मिळतो, जुडी बांधून. गेल्या पावसाळ्यात मी माझ्या मुलीला घेऊन तिच्याकडे गेले होते. मुलीनं जेवताना बोटं चाटली आणि मला म्हणाली, "आई, मामीसारखी पालेभाजी तुला आयुष्यात जमली नाही." थट्टाच होती. पण मला चौदाव्या वर्षी झोंबलं होतं तितकंच झोंबलं. वयानं माणूस शहाणा होतो असं म्हणतात ते माझ्या बाबतीत झालं नाही.

मुलगी उठून गेल्यावर मी वहिनीला सांगितलं. तिला टोचावं म्हणूनच सांगितलं. म्हटलं, "वहिनी, तो हरताळाचा दिवस आठवतो? बाबांनी टाकळा सोडला होता, आईसाठी. मला माहीत होतं. तुझी फजिती व्हावी म्हणून मी तुला वडाळ्याला नेलं."

ती उद्यासाठी टाकळा निवडत होती. तिनं मान वर केली नाही.

"माका म्हायत आसा," ती म्हणाली. "दुसऱ्याच दिवशी मामंजींनी सांगल्यांनी. तुमी सकाळी भाजी खाल्लास नाय, म्हणान मी त्यांका इचारलंय. मगे त्यांनी सगळा सांगल्यांनी. तुमका सोडूक लावल्यांनी, ता पण."

मी विचारलं, "मग इतकी वर्षं बोलली नाहीस?"

"काय बोलाचा, वन्स? तुमी तेव्हा बारक्या होतास. आवस नसलेला चेडू."

आई नसलेली पोर. म्हणजे मी तिच्याकडे वरून बघत होते तेव्हा ती माझ्याकडे तशा नजरेनं बघत होती. माझ्यासाठी वेगळी भाजी करत होती, मला शाळेत घाला म्हणत होती, आणि सगळं जाणून मला 'तुमी' म्हणत होती. एखाद्या चांगल्या बाईनं तिचे पाय धरले असते. मला राग आला. तिचा आला आणि बाबांचा त्याहून जास्त आला. माझ्या हातावर ठेवून बोटं मिटवली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तिलाही सांगून टाकलं. आम्हा दोघांत एवढी एकच गोष्ट होती.

वहिनीनं निवडलेला पाला बाजूला केला आणि म्हणाली, "आता खावा वन्स. मामंजी गेले, किती वर्सां झाली. एक घास खावा. मी वाढतंय." तिनं उठून वाटीत दुपारचा उरलेला टाकळा घातला, चमचा ठेवला आणि वाटी माझ्यापुढं आणली.

मी वाटी परत तिच्याकडे सरकवली. तिला सगळं ठाऊक आहे, बाबांनी सगळं तिला सांगितलं, ठीक आहे. पण टाकळा तिनं जन्मभर पोटभर खाल्ला आहे. सोडला आहे तो मी.